१६-१७ च्या मुलांवर मोठ्यांसारखी केस चालवावी का? अमेरिकेत वय वाढवलं, आपण २०१५ ला उलट गेलो

डिचोलीचो_मास्तर

नमस्कार मंडळी. मी डिचोली तालुक्यात हायर सेकंडरीला शिकवतो. वर्गात अधूनमधून वादविवाद घेतो, यावेळी विषय दिला की अठराच्या आतल्या मुलाने खून-बलात्कारासारखा गुन्हा केला तर त्याच्यावर मोठ्या माणसासारखी केस चालवावी का. आता ही पोरं स्वतः १६-१७ ची, म्हणजे कायदा ज्यांच्याबद्दल बोलतो तीच ही, मला वाटलं होतं वर्ग अर्धा अर्धा होईल, पण जवळजवळ सगळे एका बाजूला, "सर वय कसलं बघता, केलं तर भोगू दे." एक मुलगी उलट बोलायला उठली तर तिला इतरांनी बोलूच दिलं नाही. मला त्या दिवशी झोप नाही लागली नीट, कारण ही काही वाईट पोरं नव्हेत, चवथीला एकमेकांच्या घरी जाऊन माटोळी बांधणारी पोरं आहेत, आणि आपल्याच वयाच्या मुलाबद्दल इतकी कठोर.

मी थोडं वाचलं. न्यूयॉर्कने २०१७ ला कायदा करून हे वय वाढवलं, तिथे आधी १६ पूर्ण झालं की थेट मोठ्यांच्या कोर्टात. आणि आपल्याकडे २००० च्या कायद्याने मुलगा असो मुलगी असो १८ पर्यंत बाल, पण निर्भयानंतर २०१५ चा कायदा आला आणि १६ ते १८ मधल्यांसाठी मोठ्यांच्या कोर्टाचा दरवाजा उघडला. म्हणजे ते वर चढतायत आणि आपण खाली उतरलो.

माझे प्रश्न: आपल्याकडे प्रत्यक्षात हे चालतं कसं? सरसकट परत १८ करावं असं तुम्हाला वाटतं का? आणि गोव्यात ज्यांनी हे जवळून बघितलंय त्यांनी कृपा करून लिहा, टीव्हीवरची चर्चा मी ऐकलेली आहे.

वकीलबाई_म्हापसा

मास्तर, चांगला विषय काढलात. मी जेजेबीत म्हणजे बाल न्याय मंडळात केसेस चालवते त्यामुळे जरा लांब लिहिते, वाचा सवडीने.

पहिलं म्हणजे १६ झालं की आपोआप मोठ्यांच्या कोर्टात असं आपल्याकडे नाही. गुन्ह्यांचे तीन गट केलेत, किरकोळ, गंभीर आणि हीनस. हीनस म्हणजे ज्याला कायद्यात कमीत कमी शिक्षाच ७ वर्षं किंवा जास्त आहे तो. फक्त या हीनस गटात, आणि मुलगा १६ पूर्ण केलेला असेल तरच, कलम १५ खाली मंडळ प्राथमिक मूल्यांकन करतं. मंडळ म्हणजे एक मॅजिस्ट्रेट आणि दोन सामाजिक कार्यकर्ते, त्यात एक तरी बाई पाहिजे. ते बघतात की या मुलाची तो गुन्हा करण्याची शारीरिक-मानसिक कुवत होती का, परिणाम त्याला कळत होते का, कुठल्या परिस्थितीत केला. मग वाटलं तर चिल्ड्रन्स कोर्टात पाठवतात, तिथे परत एकदा तपासतात की खरंच मोठा म्हणून चालवायची गरज आहे का. दोषी ठरला तरी २१ पर्यंत सुरक्षित जागी ठेवायचं, मग कोर्टाने आढावा घ्यायचा, सुधारला असेल तर सोडू शकतात, नाही तर जेल, आपल्याकडे म्हणजे कोलवाळ. फाशी नाही, आणि कधीच सुटणार नाही अशी जन्मठेपही नाही. वर्गातल्या पोरांना हे आधी सांगा, बऱ्याच जणांना वाटतं की "बालगुन्हेगार सुटतो" किंवा "बालगुन्हेगाराला फाशी होते", दोन्ही चूक.

आता माझं मत. हे मूल्यांकन करायची मुदत तीन महिने. तेव्हा गुन्हा सिद्ध झालेला नसतो, खटला सुरूच झालेला नसतो. मुलगा सांगतोय मी तिथे नव्हतोच, आणि समोरची माणसं त्याला विचारतायत की तू केलंस तेव्हा तुला परिणाम कळत होते का. काय उत्तर देणार तो? आणि आज खोलीत बसून बोलणाऱ्या मुलाकडे बघून चार महिन्यांपूर्वीच्या एका रात्री त्याचं डोकं कसं चालत होतं हे कोण सांगणार? २०२२ ला सुप्रीम कोर्टाने, गुरुग्रामच्या शाळेतल्या खुनाच्या केसमध्ये, हे फार नाजूक काम आहे असं म्हटलं आणि मंडळावर बालमानसशास्त्र शिकलेला माणूस नसेल तर तज्ज्ञाची मदत घ्यावीच लागेल असं सांगितलं. आपल्याकडे निदान बांबोळीला आयपीएचबी, म्हणजे सरकारी मनोरुग्णालय, तरी आहे. पण तज्ज्ञ आला तरी मागे जाऊन मन मोजायचं यंत्र त्याच्याकडे पण नाही.

दुसरी गोष्ट जी मला जास्त खटकते. हीनस ठरवायची पट्टी म्हणजे किमान शिक्षा, तर त्यातून काय होतं बघा. पुण्यात मे २०२४ ला कल्याणीनगरला १७ वर्षांच्या मुलाने पोर्शे घातली, दोन माणसं गेली. पोलिसांनी लावलं सदोष मनुष्यवधाचं कलम, त्याला जास्तीत जास्त शिक्षा मोठी आहे पण किमान नाही, आणि सुप्रीम कोर्टाने २०२० लाच दिल्लीच्या अशाच एका गाडीच्या केसमध्ये सांगितलंय की किमान शिक्षा नसेल तर तो गुन्हा हीनस नाही, गंभीर. जुलै २०२५ ला पुण्याच्या मंडळाने मोठा म्हणून चालवायची मागणी फेटाळली. आता दुसरीकडे १७ चा मुलगा, १७ ची मुलगी, दोघं एका कॉलेजातली, राजीखुशीने एकत्र, मुलीच्या घरच्यांनी पॉक्सोची, म्हणजे मुलांवरच्या लैंगिक गुन्ह्यांच्या कायद्याखाली, तक्रार दिली. १८ च्या आत संमतीला कायद्यात किंमत नाही आणि २०१९ च्या दुरुस्तीपासून किमान शिक्षा १० वर्षं. म्हणजे हा मुलगा हीनस गटात, याचं मूल्यांकन, याला चिल्ड्रन्स कोर्टाची भीती. ज्यांनी २०१५ ला संतापून कायदा मागितला त्यांच्या डोळ्यांसमोर हा मुलगा होता का हो?

तर माझ्या मते कलम १५ काढावं आणि १८ पर्यंत सगळ्यांना मंडळाकडेच ठेवावं. न्या. वर्मा समितीनेही जानेवारी २०१३ मध्ये, म्हणजे संताप अगदी टोकाला असताना, वय खाली आणू नका असंच सांगितलं होतं.

फोंडेकर_नाना

वकीलबाई तुम्ही शिकलेल्या आहात, तुमचं सगळं वाचलं, पण मी माझं लिहिणार. माझा भाचा गेला. काही वर्षं झाली. बोणबागजवळ रस्त्याच्या कडेने चालत होता, १७ वर्षांचा मुलगा मागे मित्र घेऊन बुलेट मारत आला. लायसन नाही काही नाही. मुलाला एक दिवस ठेवलं नाही कुठे. बहीण माझी दर दोन आठवड्यांनी विचारायची, दादा केसचं काय झालं, आणि मी कुठे विचारायचं तेच मला माहीत नव्हतं, आम्हाला कोणी बोलावलं नाही, काही सांगितलं नाही. नंतर कळलं की मुदत संपली आणि केस बंद. किरकोळ गुन्हा म्हणे. माणूस मेला आणि किरकोळ. तो मुलगा आता कार चालवतो, मी बघतो बाजारात.

तुम्ही म्हणता मुलाचा मेंदू, मुलाचं भविष्य. माझ्या भाच्याला पण भविष्य होतं, २३ चा होता. मी म्हणतो १६ च बरोबर, उलट १६ ला सगळ्याच गुन्ह्यांना लावा, बाईक चालवायची अक्कल आहे तर भरायची पण असू दे.

वकीलबाई_म्हापसा

नाना, वाचून वाईट वाटलं, तुमच्या बहिणीला कोणीतरी समोर बसवून सांगायला हवं होतं, ते झालं नाही हे चूकच आहे, यात वाद नाही.

पण एक गोष्ट सांगते, रागावू नका. ही केस जुलै २०२४ च्या आधीची असेल तर कलम ३०४-अ, निष्काळजीपणाने मृत्यू, कमाल शिक्षा २ वर्षं. ३ वर्षांपर्यंतचं सगळं किरकोळ गटात जातं आणि किरकोळ गटात चौकशी चार महिने अधिक वाढवून दोन महिने, तेवढ्यात संपली नाही तर ती आपोआप बंद होते. तुमच्या बाबतीत तेच झालेलं दिसतं. आता समजा तो मुलगा १७ चा नसून ३० चा असता. तेच कलम, जामीनपात्र, त्याच संध्याकाळी पोलीस स्टेशनवरून घरी. मग कोर्टात वर्षानुवर्षं तारखा. वय १६ केलं, १४ केलं तरी तुमच्या बहिणीला जास्त काही मिळालं नसतं, कारण दुबळं आहे ते कलम आणि दुबळी आहे ती चौकशी. नव्या भारतीय न्याय संहितेत कलम १०६ खाली ही शिक्षा ५ वर्षांपर्यंत नेली, म्हणजे आता असा गुन्हा किरकोळ गटात येत नाही आणि चौकशी अशी आपोआप विझत नाही. ही सुधारणा वयाला हात न लावता झाली.

आणि गाडी दिली कोणी? मोटार वाहन कायद्यात २०१९ पासून कलम १९९-अ आहे. अल्पवयीन मुलाने गाडीने गुन्हा केला तर पालक किंवा गाडीचा मालक दोषी धरला जातो, ३ वर्षांपर्यंत कैद आणि २५ हजार दंड, गाडीचं रजिस्ट्रेशन वर्षभर रद्द, मुलाला २५ होईपर्यंत लायसन नाही. हे कलम लावा म्हणून पोलिसांच्या मागे लागावं लागतं, ते लागत नाही कोणी. गोव्यात बारावीच्या मुलाला बाईक घेऊन देणारा बाप प्रत्येक वाड्यावर आहे, त्याच्याबद्दल बोलूया की.

फोंडेकर_नाना

बापाबद्दल बोला, मी कुठे नको म्हणतो, बापाला पहिला आत घाला. पण मुलाला काहीच नाही हे मला पटणार नाही. काहीतरी त्याने पण केलं पाहिजे, माझ्या बहिणीच्या समोर येऊन उभा तरी राहिला पाहिजे.

पेडण्याचो_न्यूजर्सीत

मी मूळ पेडण्याचा, बरीच वर्षं इकडे न्यूजर्सीत, नदीपलीकडे न्यूयॉर्क, म्हणून तिथल्या कायद्याबद्दल लिहितो, मास्तरांना वर्गात उपयोगी पडेल.

२०१७ पर्यंत न्यूयॉर्क आणि नॉर्थ कॅरोलायना अशी दोनच राज्यं उरली होती जिथे १६ आणि १७ ची मुलं सरसकट मोठी समजली जायची, कुठलाही गुन्हा असो, दुकानातून काही उचललं तरी. न्यूयॉर्कचा नवा कायदा १६ वाल्यांना ऑक्टोबर २०१८ पासून आणि १७ वाल्यांना ऑक्टोबर २०१९ पासून लागू झाला. यामागे एका मुलाचं नाव इकडे सगळ्यांना माहीत आहे, कलीफ ब्राउडर. ब्रॉन्क्सचा, १६ वर्षांचा, २०१० ला बॅग चोरल्याचा आरोप. घरच्यांना ३ हजार डॉलर जामिनाचे भरता आले नाहीत. रायकर्स आयलंड नावाच्या मोठ्यांच्या तुरुंगात तीन वर्षं, त्यातला बराच काळ एकट्याला कोठडीत. गुन्हा कबूल कर आणि घरी जा असं सांगत होते तरी त्याने केला नाही, मी चोरी केली नाही म्हणत राहिला. खटला चाललाच नाही, शेवटी २०१३ ला आरोप मागे घेतले. २०१५ ला त्याने आईच्या घरी जीव दिला. २२ वर्षांचा होता.

पण मास्तर, अमेरिका नुसती वर चढतेय असं नाही हं. व्हरमाँटने २०२० ला १८ वर्षांच्यांना पण मुलांच्या कोर्टात घेतलं, आणि लुइझियानाने आधी १८ केलेलं २०२४ ला परत खाली आणून १७ वाल्यांना मोठं केलं. टेक्सास, जॉर्जिया, विस्कॉन्सिन अजून १७ ला मोठा धरतात. प्रत्येक वेळी एखादा भयंकर गुन्हा झाला की लोक खवळतात आणि आकडे बाजूला राहतात. आकडा सांगायचा तर २००७ ला इथल्या सीडीसीच्या, म्हणजे केंद्राच्या सार्वजनिक आरोग्य संस्थेच्या, टास्क फोर्सने आधीचे अभ्यास एकत्र करून बघितले, ज्या मुलांना मोठ्यांच्या व्यवस्थेत पाठवलं ती नंतर परत गुन्ह्यात पकडली जायचं प्रमाण मुलांच्या व्यवस्थेत राहिलेल्यांपेक्षा सरासरी ३४ टक्के जास्त. म्हणजे समाजाला वाचवायला पाठवलं आणि समाजालाच जास्त धोका झाला. नाना, तुमचं दुःख मी समजू शकत नाही पूर्ण, पण पुढचा कोणाचा भाचा वाचावा असं वाटत असेल तर हा आकडा बघायला हवा.

सुलभा_काणकोण

मी समुपदेशक आहे, निरीक्षणगृहातून बाहेर आलेल्या मुलांबरोबर काम केलंय. (मेरशीचं अपना घर लोकांना माहीत असतं, पण तिथून सुटल्यावर मुलगा कुठे जातो हे कोणी विचारत नाही.) वकीलबाईंनी पॉक्सोचं लिहिलं, मी गोव्याचं दुसरं सांगते कारण ते इथे फार आहे. ड्रग्ज.

किनाऱ्यावर काय चालतं आपल्या सगळ्यांना माहीत आहे. मोठा माणूस कधीच स्वतः बॅग घेऊन जात नाही, १७ च्या पोराला देतो, बहुतेक वेळा भाड्याच्या खोलीत राहणाऱ्या कामगाराचं पोर, शाळा सुटलेली, शॅकवर भांडी घासणारं. पन्नास शंभर रुपये देतो, कधी नुसता मोबाईलचा रिचार्ज. आत काय आहे किती आहे मुलाला नीट माहीत पण नसतं. माल व्यावसायिक प्रमाणाच्या वर भरला की एनडीपीएसमध्ये, म्हणजे अंमली पदार्थांच्या कायद्यात, किमान शिक्षा १० वर्षं, म्हणजे गुन्हा हीनस, म्हणजे मुलगा १६ पार असला की मूल्यांकनाला उभा. आणि ज्याने त्याला बॅग दिली त्याला त्याच बाल न्याय कायद्याच्या कलम ७८ खाली, मुलाला अंमली पदार्थ वाहायला वापरल्याबद्दल, ७ वर्षांपर्यंत शिक्षा आहे. पण त्याच्यापर्यंत पोचायचं तर मुलाने तोंड उघडायला हवं, आणि घाबरलेलं मूल तोंड उघडत नाही. ज्या मुलाला माहीत आहे की आपल्याला इथे मूल म्हणूनच वागवणार तो हळूहळू बोलतो. मी हे स्वतः बघितलंय, पहिले दोन आठवडे भिंतीकडे बघून बसलेला मुलगा एक दिवस जेवताना नाव सांगून टाकतो.

आणि रेकॉर्ड. मंडळाकडे चाललेल्या मुलाचं कलम २४ खाली रेकॉर्ड ठरावीक काळाने नष्ट करायचं असतं, नोकरीत त्याची अडचण येऊ नये म्हणून. पण चिल्ड्रन्स कोर्टाने मोठा म्हणून दोषी धरलेल्या १६ वरच्या मुलाला हे संरक्षण नाही. ते आयुष्यभर राहतं. १७ व्या वर्षी केलेलं ४० व्या वर्षी दाखवायचं.

तारवटी_केपें

सुलभाताई बरोबर बोलल्या. आमच्या गावात अर्धी घरं तारवांवर चालतात, शिपवर जायचं तर पोलीस क्लिअरन्स लागतोच, काही असलं तर एजंट फाईल परत करतो, कारण पण सांगत नाही. शिप नाही, गल्फ नाही, मग गावात राहून करणार काय तो, ज्यांनी बॅग दिली होती तेच परत बोलावतात. मी बघितलंय म्हणून लिहितो.

डिचोलीचो_मास्तर

सगळ्यांचे मनापासून आभार. नाना, तुमची पोस्ट मी परत परत वाचली. वर्गातली पोरं जे बोलली ते तुमच्यासारख्या रागातून नव्हे, त्यांनी काही भोगलेलं नाही, मोबाईलवर रील बघून बोलली. तुमचा राग खरा आहे आणि तो कुठेतरी ऐकला जायला हवा, पण मला आता वाटतं की तो ऐकायची जागा वयाचा आकडा नव्हे. वय खाली आणून सरकारला काहीच खर्च येत नाही, एक कायदा पास केला की झालं. चौकशी वेळेत करणं, घरच्यांना बोलावून सांगणं, बॅग देणाऱ्याला पकडणं, सुटलेल्या मुलाला काम मिळवून देणं, याला माणसं लागतात, पैसे लागतात. २०१५ ला राज्यसभेने २२ डिसेंबरला बिल पास केलं, निर्भया केसमधला तो मुलगा सुटला त्यानंतर दोन दिवसांत. त्या दोन दिवसांच्या घाईचं ओझं आता पुण्याच्या केसला लागू होत नाही आणि कॉलेजातल्या प्रेमाच्या केसला लागू होतं. मी तरी सरसकट १८ च्या बाजूला.

पुढच्या आठवड्यात परत तोच विषय घेतो, वकीलबाईंनी सांगितलेल्या दोन केसेस, पोर्शेची आणि कॉलेजच्या जोडप्याची, नावं न घेता फळ्यावर लिहितो आणि विचारतो की यातली हीनस कुठली. त्या मुलीला पहिली बोलायला देईन.

वकीलबाई, दोन गोष्टी विचारायच्या होत्या. पोरांना मंडळाचं कामकाज बघायला नेता येतं का? आणि नानांच्या बहिणीला अजून काही करता येईल का?

फोंडेकर_नाना

मी माझं मत बदललेलं नाही मास्तर. पण ड्रग्जच्या पोराचं वाचून वाटलं की सगळ्यांना एकाच मापाने धरणं बरोबर नाही. बहिणीचं काही होत असेल तर सांगा.

वकीलबाई_म्हापसा

मास्तर, नेता येणार नाही. कामकाज बंद दाराआड चालतं, मुलाची ओळख बाहेर जाऊ नये म्हणून. त्यापेक्षा जिल्हा कायदेशीर सेवा प्राधिकरणाला पत्र लिहा, ते शाळांमध्ये वकील पाठवतात, पैसे लागत नाहीत. आणि वर्गात एक मात्र नक्की सांगा, कुठल्या मुलाला पकडलं की त्याचा फोटो, नाव, शाळा व्हॉट्सॲपवर फिरवायचं नाही. कलम ७४ खाली ६ महिन्यांपर्यंत कैद किंवा २ लाखांपर्यंत दंड किंवा दोन्ही आहे. गावच्या ग्रुपवर हे सर्रास चालतं, मोठी माणसंच करतात.

नाना, मुलावरची केस बंद झाली तरी नुकसानभरपाईचा दावा वेगळा असतो, तो मोटार अपघात दावा न्यायाधिकरणात गाडीच्या मालकावर आणि विमा कंपनीवर लावायचा, मुलाच्या वयाशी त्याचा संबंध नाही. दावा आधी लावला होता का, आणि अपघाताची तारीख काय, यावर पुढचं अवलंबून आहे, मुदतीचा प्रश्न येऊ शकतो. पंचनाम्याची प्रत, शवविच्छेदन अहवाल आणि भाच्याच्या पगाराचा काही कागद असेल तर तो, एवढं बहिणीकडून शोधून ठेवा. तारीख इथे लिहू नका, मला मेसेज करा, मी बघते.